नहरीच्या तोंडावरचा माणूस

२ तीर १३०९ फसली (ऐन वैशाख), औरंगाबाद

शहागंजच्या हौदावर आज तीन डोकी फुटली, घागरी किती फुटल्या त्याला गणती नाही. गेल्या साली पावसानं दडी मारली ती मारलीच. विहिरींच्या तळाला बेडूक उरले नाहीत. शहर जगतंय ते जमिनीखालच्या एकट्या नहरीवर, आणि हौदात पडणारी धार आठ दिवसांत मनगटाएवढी होती ती करंगळीएवढी झाली. कोतवालीच्या जवानांनी आधी बायांना दटावलं, मग दगड सुरू झाले तसे ते चौकीत शिरले आणि आतून कडी घातली. दुपारी जिल्ह्याच्या अव्वल तालुकदारसाहेबांनी छावणीत चिठ्ठी धाडली. चार वाजता बारापुल्ला दरवाजातून पलटण आत आली.

लोक मुकाट ओळीत उभे राहिले. बंदुकीला भिऊन नाही. जमादारानं पहिला हुकूम आपल्याच शिपायांना सोडला, "म्हाताऱ्यांच्या घागरी उचला." त्या एका हुकमानं दगड खाली पडले. माणूस हुशार दिसतो. ध्यानात ठेवला.

मग मला कचेरीत बोलावणं. नहर कोणाला कळते असं साहेबांनी विचारलं, तर चपराशापासून पेशकारापर्यंत सगळे म्हणाले, सांडूशेठ. हा शेठ वीस वर्षांमागं लंगोटीवर नहरीत उतरून गाळ काढत होता हे त्यांतले निम्मे विसरले, निम्मे विसरल्यागत करतात. आता साफसफाईचा मक्ता माझा, चाळीस माणसं माझी. अक्षरंही मी मक्त्याच्या कागदांवरूनच शिकलो, म्हणून माझं लिहिणं कागदासारखं सुरू होतं आणि ओट्यावरच्या गप्पांसारखं संपतं.

साहेबांनी आधी माझ्या डोक्याकडं पाहिलं. "पगडी किधर है?"

मी म्हटलं, "हुजूर, पगडी कान झाकते. आणि सरकारला माझे कानच हवेत."

हसले. मोठा माणूस हसला की अर्धं काम झालं.

घरी येऊन सारजावहिनीला सांगितलं. माझ्या थोरल्या भावाची, बन्सीची, ही बायको. बन्सी गेल्यापासून दहा वर्षं माझ्याच घरी आहे. माझं कुटुंब पाण्यावाचून फुलंब्रीला माहेरी गेलंय, त्यामुळं चूल तिचीच.

"खाली कोन उतरनार?" तिनं विचारलं.

"माणसं आहेत."

"आन् तोंडावर?"

मी म्हटलं, मक्तेदार तोंडावर बसत नसतो. ती आत गेली. तिच्या पेटीचं झाकण उघडल्याचा आणि परत लागल्याचा आवाज आला. माझ्या कानांतून काही सुटत नाही.

दहा वर्षं मला एका माणसाची मान हवी होती आणि हात पोचत नव्हता. आज हाताला दीडशे बंदुका लागल्या.

३ तीर

जमादार मुख्तार बेगसंगं जिथून नहर सुटते त्या हर्सूलच्या हौदापासून तिच्यावरून चालत निघालो. वर माती, खाली दोन पुरुष खोल दगडी नहर, मध्ये मध्ये तिची तोंडं, माणूस उतरेल एवढी. मी दर पन्नास पावलांवर पालथा झोपायचो, तांब्या जमिनीवर उपडा ठेवायचो आणि त्याच्या बुडाला कान लावायचो.

जमादार म्हणाला, "क्या मियाँ, जमीन से सलाम-दुआ चलरी क्या?"

"हौ जमादारसाब. खैरियत पूछरा हूँ."

"क्या बोलती?"

"बोलती है, चोर है."

खरंच बोलली. दिल्ली दरवाजाच्या अलीकडं तात्यासाहेबांची संत्र्यांची बाग. तिच्या भिंतीआधी पाणी भरल्या गळ्यानं बोलतं, भिंत सरल्यावर घोगरं होतं. सगळं शिवार राखेसारखं, आणि त्या भिंतीवरून हिरव्या फांद्या डोकावताहेत. जमादारानं वर बघितलं, माझ्याकडं बघितलं, मिशीतून हसला.

तात्यासाहेब म्हणजे जहागिरीचे जुने कारभारी. दहा वर्षांमागं हर्सूलचा हौद यांच्या ताब्यात होता.

तेव्हाची रीत इथं लिहून ठेवतो, कारण आता ती पाळणारे कमी. नहर साफ करायची तर हौदाचा दट्ट्या बसवून पाणी तोडायचं. एक माणूस आत उतरणार, दुसरा तोंडावर बसणार. तोंडाशी काठी रोवून तिला लाल फडकं बांधायचं. वरच्यानं हाक द्यायची, खालच्यानं पहारीनं दगडावर ठोकायचं. दोन ठोके म्हणजे आहे. माणूस बाहेर आल्याबिगर फडकं काढायचं नाही, जागा सोडायची नाही. आणि तोंडावरच्या माणसाचा शब्द आल्याबिगर हौदावरच्यानं दट्ट्या उपसायचा नाही.

त्या दिवशी तात्यासाहेबांच्या बागेत हैदराबादचे पाहुणे येणार होते. कारंजं उडायला हवं होतं. ठरल्या वेळेच्या दोन तास आधी यांनी पाणी सोडवलं. बन्सी आत होता. तिसऱ्या तोंडातून काढला आम्ही त्याला. हातात पहार तशीच होती.

जमादाराला एवढं सांगितलं. त्यानं विचारलं, "ऊपर कौन बैठा था?"

मी म्हटलं, ऊन फार झालंय, चला. वाटेत चिंच होती, पण तिच्याखाली थांबलो नाही. चिंचेच्या सावलीनं ताप येतो.

५ तीर

बातमी भिंतीआड पोचली. तात्यासाहेबांनी माणूस पाठवून बोलावलं. झोपाळ्यावर बसले होते. मला खालची सतरंजी दाखवली. मी उभाच राहिलो, हात जोडून, तोंडभर हसून.

"सांड्या, शेठ झालास म्हणे."

"तुमच्या पाण्यावर वाढलो, तात्यासाहेब."

"फौज घेऊन फिरतोस. माझ्या झाडांवर गोळ्या घालणार?"

"छे हो! पाण्याला गोळी लागत नाही. आणि पाणी चोरीचं असेल तर ते आपणहून बोलतं."

झोपाळा थांबला. "बापजाद्यांची झाडं आहेत. डोळ्यांदेखत वाळू द्यायची का?"

"माणसंही कोणाच्या तरी बापाचीच असतात."

"बन्सीचं मनात धरून आहेस." आवाज खाली आला. "मी पाणी सोडा म्हणालो, हे खरं. पण माझा माणूस विचारायला गेला होता. तोंडावर चिटपाखरू नव्हतं. फडकंही नव्हतं. हे तू कधी बोललास का रे कोणाजवळ?"

मी म्हटलं, "संत्री गोड झाली असतील यंदा," आणि निघालो.

खोटारडा म्हातारा. पाणी सोडायचा हुकूम कोणाचा? त्याचा. बस. एवढंच खरं. घरी आलो, मक्त्याचा हिशेब मांडला तर तो तीनदा चुकला. उन्हानं चुकला असेल.

६ तीर

आज फौज म्हणजे काय चीज असते ते कळलं. मला वाटलं होतं, पलटणीच्या कप्तानसाहेबांना बाग दाखवायची की भिंत आडवी. कप्तानसाहेब घोड्यावरून उतरलेसुद्धा नाहीत. जमादारानं समजावलं, "सांडूशेठ, हम मदतकू आये, हुकूमत करनेकू नहीं. तालुकदारसाब लिखके देना, खुद साथ खडे रहना, तब हमारा हाथ उठता. नै तो हम भी लुटेरे, बस वर्दीवाले."

म्हणजे बंदूक छावणीची, पण तिचा घोडा कचेरीच्या कलमाला बांधलेला. आणि कचेरी तात्यासाहेबांना भिते. त्यांचे व्याही हैदराबादेत मोठ्या जागी. तालुकदारसाहेब म्हणाले, "शक है, सबूत किधर है?"

मी मान डोलवली आणि विनंती केली, हुजुरांनी एकदा स्वतः ऐकावं. मेण्यातून आले. भिंतीआधी मी जमिनीवर आपला नवा शेला अंथरला, तांब्या उपडा घातला. साहेबांची तुमान, साहेबांची ढेरी, सगळं शेल्यावर आडवं झालं. शिपाई ओठ चावत उभे. मग त्यांना भिंत सरते तिथं नेलं आणि पुन्हा आडवं केलं.

उठले तेव्हा गालावर तांब्याच्या बुडाचा गोल उमटला होता. "यहाँ आवाज आधी है," म्हणाले. तोंड असं झालं होतं, जणू चोरी त्यांच्याच माजघरात झाली. ज्याला आपल्या कानानं चोरी ऐकू येते तो मग व्याह्यांना भीत नाही. उभ्या उभ्या हुकूम लिहिला.

तो कागद वाळेपर्यंत मी फुंकत होतो. असा सुगंध शाईला कधी आला नव्हता.

९ तीर

बाग उघडली.

तालुकदारसाहेब पुढं, कप्तानसाहेब मागं, त्यांच्यामागं तीस शिपाई कुदळी-फावडी घेऊन. गोळी एकही नाही. तात्यासाहेब दारात आडवे उभे राहिले तेव्हा जमादारानं त्यांना अदबीनं दंडाला धरून बाजूला केलं, लग्नात सासऱ्याला करतात तसं. संत्र्यांच्या मुळाशी खणलं तर खापरी नळ. नळ सरळ नहरीकडं. बागेतला हौद काठोकाठ, त्यात कमळं.

साहेबांनी हुकूम केला, हौद शहराला खुला. बाया आत शिरल्या. कमळं पायाखाली गेली. एक म्हातारी तात्यासाहेबांपुढं घागर टेकवून म्हणाली, "उचलू लागा की वो, मालक. झाडाला पाजलं, आता मानसाला पाजा." आणि त्यांनी खरंच घागरीला हात लावला.

हे बघायला मी दहा वर्षं जगलो. अन्न गोड लागलं.

जेवताना वहिनीला सगळं रंगवून सांगितलं. ती वाढत होती. म्हणाली, "भावजी, येवढ्यानं भागलं का तुमचं?"

मी म्हटलं, "भागलं."

"नाय भागलं," ती म्हणाली. "मला ठावं हाय. माजंबी नाय भागलं."

मला बरं वाटलं. घरात दोघं तरी एका मनाची आहोत.

१० तीर

आजचं सगळं जसं झालं तसं लिहितो.

बागेतला नळ तोडला, पण नहरीच्या आत जिथं फोडलंय ते भोक बुजवायला हवं, नाहीतर पाणी मातीत जाईल. काल हौदावर दट्ट्या बसवून पाणी तोडलं. माझी दोन माणसं एकामागून एक आत जाऊन आली. भोकावर फटी राखून दगडी झाकण असं बसवलंय की भिंत कुठली आणि झाकण कुठलं कळेना. ते बसवणारा गवंडी पटकीनं मेला. जागा ठाऊक असलेला माणूस एकच.

मी तालुकदारसाहेबांपुढं हात जोडले. "हुजूर, ज्यानं उघडलं त्यानंच बंद करावं. आत एका वेळी एकच माणूस मावतो." सगळे हसले. माझ्या तोंडून गंमत वाटते लोकांना.

तात्यासाहेब साठीचे. पण ताठा मोडला नव्हता. उपरणं काढून शिपायाच्या हातात दिलं आणि म्हणाले, "मला वाकून चालता येतं अजून." पहार, कंदील आणि चुन्याची पाटी घेऊन उतरले. ठरलं असं की भोक बुजवून पुढं सरकायचं आणि भिंतीआडच्या, बागेतल्या तोंडातून बाहेर यायचं.

जमादारानं हौदापर्यंत शिपाई उभे केले होते, प्रत्येकाच्या हाती झेंडी. मी शब्द दिला की इथली झेंडी पडणार, मग पुढची, मग पुढची. पूर्वी माणूस पळत जायचा त्याला घटका लागायची. आता एका श्वासात पाणी सुटलं असतं. सगळे शिपाई झेंड्यांना लागले, त्यामुळं बागेतल्या तोंडावर कोणीच उरलं नव्हतं. हे माझ्या ध्यानात आलं होतं. दुसऱ्या कोणाच्या आलं नव्हतं.

ते उतरले त्या तोंडावर मी बसलो. दहा वर्षांत पहिल्यांदा.

पलीकडं बायांचा गलका चालला होता. दोन दिवस पाणी बंद, डोकी पुन्हा तापलेली. कप्तानसाहेब घड्याळ काढून बघत होते. मी हाक दिली. खालून दोन ठोके. थोड्या वेळानं पुन्हा दोन. मग झाकण बसल्याचा जड आवाज. काम झालं होतं. आता म्हातारा भिंतीआडच्या तोंडाकडं सरकत होता. ठोके लांब गेले, बारीक झाले. एवढ्या गलक्यात ते फक्त मला ऐकू येत होते.

जमादारानं विचारलं, "क्या सांडूशेठ, निकल गया बुड्ढा? छोडें पानी?"

शब्द माझ्या जिभेवर होता. "निकल गया." दोन शब्द. दोष कोणाचा? झेंडीचा, घाईचा, हौदावरच्या शिपायाचा. बन्सीच्या वेळी जसा कोणाचाच ठरला नाही तसाच. खाली हाच दगड, हेच पाणी, आणि पहार धरलेला तो हात. माझ्या अंगावर शहारा आला. सुखाचा होता तो, खोटं कशाला लिहू.

तेवढ्यात बायांतून सारजावहिनी आली. हातात काठी. काठी तिनं तोंडाशी रोवली आणि पदराखालून एक फडकं काढून तिला बांधलं. लाल. विटलेलं. मधोमध घामाचा पिवळा डाग.

"तोंडावर फडकं लागतं ना, भावजी?" ती हळू बोलली. "ह्ये तुमचंच हाय. त्या दिशी तुमची भाकर घेऊन आले व्हते. चिंचंखाली पडलेलं सापडलं मला. डोईला बांधल्याची गाठ बी तशीच व्हती."

मी तिच्याकडं बघितलं. ती माझ्या तोंडाकडं बघत नव्हती. माझ्या कानांकडं बघत होती.

"मी आज न्हाई बोलनार काई," ती म्हणाली. "जमादारानं इचारलंय तुमाला. सांगा."

खाली दोन ठोके.

जमादार पुन्हा ओरडला. पहिल्या शिपायानं झेंडी अर्धी झुकवली.

मी म्हणालो, "रुको. आदमी है अंदर."

माझा आवाज मलाच ओळखू आला नाही.

तात्यासाहेब भिंतीआडून चालत आले. गुडघे फुटलेले, पांढऱ्या केसांत चिखल. माझ्यापुढं थांबले. "तू सोडशील असं वाटलं होतं मला," म्हणाले. "मी आत रामाचं नाव घेत नव्हतो, सांडू. ठोके मोजत होतो."

सांड्या नाही म्हणाले. सांडू म्हणाले. ते जास्त झोंबलं.

झेंड्या पडल्या. पायाखालून पाणी गेलं, भरल्या गळ्याचं. शहागंजला धार पडली तेव्हा लोकांनी फौजेचा जयजयकार केला आणि दोघा-तिघांनी मला खांद्यावर घेतलं.

११ तीर

काल लिहिलेलं वाचलं. एक गोष्ट राहिली.

त्या दिवशीही असंच ऊन होतं. बन्सी आत गेला त्याला तास झाला असेल. माझं डोकं भणभणत होतं. काठीचं फडकं सोडलं, डोक्याला बांधलं, म्हटलं घटकाभर चिंचेखाली पडू. पाणी सुटायला अजून तीन तास होते. डोळा लागला. हौदावरचा माणूस विचारायला आला तेव्हा तोंडावर मी नव्हतो आणि फडकं माझ्या डोक्याला होतं. ओरडा झाला तसा मी उठून पळालो. फडकं तिथंच गळून पडलं असेल.

पण तात्यासाहेबांनी वेळेआधी पाणी सोडवलं हे खरंच आहे. ते खोटं नाही. ते मी खोटं होऊ देणार नाही.

वहिनीनं दहा वर्षं माझ्या घरी भाकरी थापली. मला वाटायचं, ती माझ्यासंगं तात्यासाहेबांवरच्या सुडाची वाट बघतीय.

१९ तीर

पलटण छावणीत परत गेली. जमादार मुख्तार बेग भेटून गेला. म्हणाला, "तुम्हारे कान सोने के हैं, सांडूशेठ." तात्यासाहेबांवर कचेरीत मुकदमा उभा राहतोय. झाडांना आता पाणी नाही, फांद्या भिंतीवरून वाळून लोंबताहेत. रोज त्याच वाटेनं जातो. पूर्वी वाटलं होतं तेवढं गोड वाटत नाही, पण वाटतं.

घरात सगळं पूर्वीसारखंच. ताट वेळेवर येतं. भाकरी गरम असते. फक्त दारामागच्या खुंटीवर, जिथं माझा पंचा असायचा, तिथं ते लाल फडकं टांगलेलं आहे. धुतलेलं नाही.

आठ दिवस मी ते बघून न बघितल्यासारखं केलं. आज बाहेर पडताना म्हटलं, "वहिनी, हे पेटीत ठेवा की."

ती चुलीपाशी होती. वळलीसुद्धा नाही.

"ऱ्हाऊ द्या, भावजी," ती म्हणाली. "ऊन लई वाढलंय. लागंल तुमाला डोईला."

मी तसाच, उघड्या डोक्यानं, उन्हात उतरलो.